हानआप्पांची भिंत

आमच्या हानआप्पांना मराठीतले दोनच शब्द येत होते, आणि ते दोन्ही कोरियन होते. पहिला ‘आयगो’. अंगठ्यावर हातोडी पडली, बर्फावरून पाय घसरला, ट्रकमधून फुटकं कपाट उतरलं, की ते कपाळाला हात लावून ‘आयगो’ म्हणत. मी तो पहिल्यांदा ऐकला तेव्हा मला स्वच्छ ‘आई गं’ ऐकू आलं. कॅनडात एडमंटनमधल्या एका फर्निचरच्या दुकानाचं बेसमेंट, बाहेर उणे तीस, आणि आत कोण मराठी माणूस आला म्हणून मी कपाटांच्या रांगेमागे डोकावले. तिथे चाळिशीचा एक बारीक अंगाचा गृहस्थ अंगठा तोंडात धरून बसला होता. त्यांचं आडनाव हान. दुसऱ्या शब्दाकडे मी लवकरच येते.

मी त्या दुकानात स्टॉक क्लार्क होते. आलेल्या मालाची यादी करायची: वस्तू, नग, कोणत्या रांगेत ठेवली. तीन रकाने. मला याद्या मनापासून आवडतात. घरी फ्रीजवर यादी, गाडीत यादी, भारतात जायचं असलं की सहा महिने आधीपासून यादी. हान माझ्या टेबलापासून वीस पावलांवर रिपेअर सेक्शनला होते. वाहतुकीत टेबलाला ओरखडा पडला, खुर्चीचा कोपरा उडाला, की ते मेण आणि रंग लावून तो असा बुजवत की मॅनेजरला बोट फिरवूनही सापडत नसे. मी एकदा कौतुक केलं. त्यांनी फडकं खाली ठेवलं आणि आपल्या मोजक्या इंग्रजीत म्हणाले, “मिसेस लिस्ट, मी वीस वर्षं ओरखडे पाडायचं काम केलं. आता पुसतो.”

मला काहीच कळलं नाही. मग डबे खाता खाता थोडं थोडं कळत गेलं. हान हे सोलमधल्या चित्रपटांचे कला-दिग्दर्शक होते. पडद्यावर जे घर, जी गल्ली, जे दुकान दिसतं ते उभं करणारा माणूस. सुरुवात त्यांनी सुतार म्हणून केली, आणि तीही कोरियातलं युद्ध संपल्या संपल्या. सगळं शहर पडलेलं होतं आणि त्यांचं पहिलं काम होतं एक न पडलेलं घर बांधणं. ते बांधून झालं तेव्हा शेजारपाजारचे लोक येऊन विचारायला लागले की हे भाड्याने द्यायचं आहे का. एक म्हातारी तर रोज येऊन त्या खोट्या अंगणात तासभर बसायची आणि उठून जायची. तिला कोणी हटकलं नाही. हान सांगत, त्या बाईने आपल्याला धंदा शिकवला. ती कुठे बसते, उठताना कशाला हात लावते, हे ते बघत राहिले. आठ दिवसांनी तिथलं लाकूड खरोखरच काळं पडलं, आणि कॅमेऱ्यात अख्ख्या घरात तेवढीच जागा खरी दिसली.

तेव्हापासून त्यांची सवय अशी की कोणतीही वस्तू सेटवर नवी जाऊ द्यायची नाही. दाराची कडी, पाटीची कड, चहाच्या कपाचा कान, जिथे माणसाचा हात पोचतो तिथे ते स्वतः हात घासत बसायचे. माझी यादी त्यांनी एकदा मागून घेतली, वरपासून खालपर्यंत वाचली आणि परत देताना म्हणाले की सगळं आहे, फक्त माणसं नाहीत. मग पेन्सिलीने उजवीकडे चौथी रेघ ओढली आणि वर लिहिलं: ‘कोणाची?’ मी सांगितलं की ट्रकमधून उतरलेलं कपाट अजून कोणाचंच नसतं. ते म्हणाले, “म्हणून तर ते अजून कपाट नाही.” मला हे त्या वेळी उगाच वाटलं. दुपारी मी खोडरबराने ती रेघ पुसून टाकली.

आता दुसरा शब्द. त्या सुमारास माझे सासरे भुसावळहून आमच्याकडे कायमचे राहायला आले. रेल्वेत गार्ड होते, निवृत्त झाले होते, सासूबाई आधीच गेल्या होत्या. त्यांना सगळे आप्पा म्हणत. त्यांच्या दुसऱ्या हिवाळ्यात एका शनिवारी माझी शिफ्ट संपायच्या वेळी ते दुकानात आले आणि सोफ्यांच्या गर्दीत भलतीकडेच निघाले. मी जिन्याच्या तोंडाशी उभी राहून हाक मारली, “आप्पा!” सासऱ्यांनी ऐकलं नाही. पण खाली रिपेअर सेक्शनमध्ये काहीतरी जोरात पडलं, आणि हान हातात पॉलिशचा ब्रश तसाच धरून धावत जिन्यापर्यंत आले. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, माझ्या मागे पाहिलं, दाराकडे पाहिलं. मग हळूच विचारलं, “हाक कोणी मारली?”

कोरियन भाषेत लहान मुलं वडिलांना अप्पा म्हणतात. हे मला त्या दिवशी कळलं, आणि आणखीही बरंच. चित्रपट कमी व्हायला लागले, सेन्सॉर कडक झालं, हान ज्या स्टुडिओत होते तो बंद पडला. त्याच वर्षी बायको गेली. धाकटा भाऊ एडमंटनला ग्रोसरी चालवत होता, त्याने बोलावलं. सहा वर्षांच्या मुलीला आजीकडे ठेवून हे पुढे आले, वर्षभरात दोघींना आणू म्हणून. पण आजी सोल सोडेना आणि मुलगी आजीला सोडेना. असे किती विंटर गेले असतील ते मी विचारलं नाही. एवढंच विचारलं की मग तुम्हीच परत का जात नाही. ते म्हणाले, “काम नसताना गेलो तर पाहुणा म्हणून जाईन. पाहुण्याला मुलगी चहा देते आणि विचारते, केव्हा जाणार?”

माझ्या सासऱ्यांना ही गोष्ट सांगितली. त्यांनी ती सगळी ऐकून घेतली. मग म्हणाले, “त्याला जेवायला बोलव. आणि घरात आपण त्याला आप्पाच म्हणू. कोणीतरी म्हणायला पाहिजे.” मी म्हटलं, मग दोन आप्पांचा गोंधळ होईल. अशा रीतीने ते हानआप्पा झाले, पुढे सगळ्या मराठी मंडळींचे झाले.

जेवायला आले त्या दिवशी मी घर झाडून पुसून लख्ख केलं होतं. एका गोष्टीला मात्र इलाज नव्हता. सासरे रोज हीटिंगच्या व्हेंटजवळच्या खुर्चीत बसत आणि डोकं मागे भिंतीला टेकत. डोक्याला भरपूर खोबरेल. दोन हिवाळ्यांत त्या भिंतीवर बशीएवढा पिवळट डाग पडला होता. हानआप्पा आले, बूट काढले आणि थेट त्या डागापाशी गेले. मी ओशाळून सांगायला लागले की रंग द्यायचं यादीत आहे. ते ऐकतच नव्हते. नाक भिंतीला लागेल इतके वाकले, बाजूने पाहिलं, खालून पाहिलं आणि सासऱ्यांना विचारलं, किती वर्षं? सासरे म्हणाले, टू विंटर्स. हानआप्पांनी मान डोलावली, एखाद्या चांगल्या कारागिराचं काम पाहावं तशी.

त्यानंतर काही वर्षांनी आमच्या मराठी मंडळाने नाटक करायचं ठरवलं. आमच्यातल्या एका डॉक्टरांनीच ते लिहिलं होतं: निवृत्तीच्या आदल्या दिवशी रेल्वे क्वार्टर सोडणाऱ्या एका गार्डची गोष्ट. माल अर्थातच माझ्या सासऱ्यांकडून ऐकलेला. एरवी आमचं नेपथ्य म्हणजे कोणाचा तरी सोफा आणि मागे पडद्याला टाचलेलं कॅलेंडर. मी हानआप्पांना विचारलं. ते लगेच हो म्हणाले नाहीत. चार दिवसांनी एक पत्र घेऊन आले. त्यांचा जुना दिग्दर्शक पुन्हा चित्रपट काढत होता आणि त्याला हानच हवे होते. पण निर्माता बिचकत होता. म्हणत होता, दहा वर्षं हा माणूस टेबलं पॉलिश करतोय, हात राहिला असेल कशावरून? अलीकडचं काम दाखवा. दोन महिन्यांत फोटो आले तर विचार करू, नाहीतर दुसरा माणूस तयार आहे.

मी म्हटलं, मग कोरियन घर बांधून त्याचे फोटो पाठवा. मराठी रेल्वे क्वार्टर तिथे कोणाला समजणार? त्यावर हानआप्पांचं उत्तर मी माझ्या डायरीत लिहून ठेवलं आहे. “आपलं घर आठवणीने बांधता येतं. जे पाहिलंच नाही ते बांधायला हात लागतो.”

मग सहा आठवडे ते आणि माझे सासरे आमच्या गराजमध्ये. एकाचं इंग्रजी रेल्वेचं, दुसऱ्याचं फर्निचरचं, पण अडलं कुठेच नाही. हानआप्पांचे प्रश्न असे: कंदील कोणत्या हाताने टांगायचे? पत्नी रागावली तर कुठे उभी राहायची? गार्डाची शिट्टी खुंटीला की खिशात? सासरे उठून, चालून दाखवत. तीस वर्षांत ज्या गोष्टी त्यांनी मुलाला सांगितल्या नव्हत्या त्या या माणसाला सांगितल्या. नीळ घातलेल्या चुन्याची भिंत उभी राहिली, दाराच्या चौकटीवर मुलांच्या उंचीच्या खुणा आल्या. आणि बाकड्याच्या मागे, गार्डाच्या डोक्याच्या उंचीवर, डाग. तो डाग त्यांनी तीन आठवडे केला. जवसाचं तेल, चहाचं पाणी, पुन्हा तेल, प्रत्येक थर वाळवून. सासऱ्यांनी तो पाहिला आणि टोपी काढली.

प्रयोग रविवारी दुपारी तीनला, एका शाळेच्या हॉलमध्ये. सेट शनिवारी संध्याकाळी लावून झाला. फोटो रविवारी सकाळी, खिडक्यांतून चांगला उजेड येईल तेव्हा काढायचे, आणि सोमवारी पोस्टात टाकायचे. प्रयोग संपल्यावर हॉल लगेच रिकामा करून द्यायचा होता, म्हणजे सेट मोडायचा. सगळं माझ्या यादीत होतं. यादी चोवीस मुद्द्यांची होती आणि मी ती मंडळातल्या सर्वांना वाटली होती. त्यातला अकरावा मुद्दा: ‘स्टेज नीट पुसून घेणे.’ माझ्या मनात जमिनीवरचा भुसा होता.

रविवारी दहाला मी पोचले. डॉक्टरांच्या पत्नी कुमुदताई आणि आणखी दोघीजणी आठपासून आल्या होत्या. पाहुणे यायच्या आधी घर जसं करतात तसं त्यांनी ते केलं होतं. उंबऱ्याशी रांगोळी, दाराला तोरण, कंदिलाची काच चकचकीत. कुमुदताई हात पुसत पुढे आल्या. “शैला, अगं काय कळकट डाग होता त्या भिंतीवर. गरम पाण्याने दोनदा घासला तेव्हा कुठे गेला.”

मी भिंतीकडे पाहिलं. भिंत स्वच्छ होती. नुसती स्वच्छ नव्हे, घासलेल्या जागी निळा रंगही उडून ती एखाद्या दवाखान्यासारखी दिसत होती. मागे पावलं वाजली. हानआप्पा गळ्यात कॅमेरा अडकवून आले होते. ते भिंतीसमोर थांबले. मग पहिल्या रांगेतल्या खुर्चीत बसले आणि अगदी हळू म्हणाले, “आयगो.”

काय झालं ते मी कुमुदताईंना सांगितलं तेव्हा त्या रडायलाच लागल्या. मी त्यांना म्हटलं की चूक माझ्या यादीची आहे, आणि ती होतीच. ब्रशने तो डाग पुन्हा करता येईल का, मी विचारलं. हानआप्पांनी मान हलवली. ओला थर फोटोत चकाकला असता. वाळायला दिवस लागले असते. खिडक्यांतला उजेड जाईपर्यंत आमच्याकडे दोन-अडीच तास होते.

या सगळ्यात माझ्या सासऱ्यांकडे कोणाचं लक्ष नव्हतं. ते सकाळपासून उभे राहून दमले होते. स्टेजवर चढले, आपल्या क्वार्टरमधल्या बाकड्यावर बसले, पाय लांब केले आणि नेहमीप्रमाणे डोकं मागे टेकलं. थोडा वेळ डोळे मिटून बसले. मग पाणी प्यायला उठले. भिंतीवर रुपयाएवढा पुसट डाग राहिला होता.

हानआप्पा खुर्चीतून उठले. स्टेजवर गेले, वाकले, बाजूने पाहिलं, खालून पाहिलं. मग वळून मला म्हणाले, “मिसेस लिस्ट, एका माणसाची वीस वर्षं नाहीत आपल्याकडे. वीस माणसांची पाच-पाच मिनिटं आहेत?”

माणसं होती. नट, तबलजी, चहावाले धरून वीस सहज भरले असते. पण कॅनडात येऊन सगळे शॅम्पूवाले झाले होते. त्या हॉलमध्ये डोक्याला तेल लावणारा एकच माणूस होता, माझे सासरे. मी गाडी काढली. ड्राइव्हवे सकाळीच शोव्हल केला होता तरी पुन्हा बर्फाने भरला होता. घरून खोबरेलाची बाटली आणली, ती वाटेत दगडासारखी गोठली. ती मी गाडीच्या हीटरसमोर धरून परत आले. मग कुमुदताईंनी डोळे पुसले, पदर खोचला आणि ओंजळभर तेल घेऊन नवऱ्यापासून सुरुवात केली. डॉक्टर म्हणाले की उद्या क्लिनिकमध्ये पेशंट पळून जातील. कुमुदताई म्हणाल्या, “पळू देत. मान खाली घाला.”

एकेक जण बाकड्यावर बसला, डोकं टेकलं आणि बसल्या बसल्या आपापले संवाद म्हणू लागला. कोणी बोलताना मान वळवायचा, कोणी हसताना मागे आदळायचा, एकाला डुलकी लागली. हानआप्पा शेजारी उभे राहून कोणाला थोडं डावीकडे सरकवत, कोणाला उठवत. शेवटी त्यांनी माझ्या आठ वर्षांच्या मीनाला बोलावलं. ती नाक मुरडून आजोबांना म्हणाली, “आजोबा, इट स्मेल्स.” आजोबा म्हणाले, बस गं जरा. ती बाकड्याच्या टोकाला बसली आणि पाय हलवत डोकं टेकलं. मोठ्या डागाच्या बाजूला, बराच खाली, एक लहान डाग उमटला. तो तर मूळ सेटवर नव्हताच. हानआप्पा त्या डागाकडे इतका वेळ बघत राहिले की मला घड्याळ दाखवावं लागलं. मग त्यांनी स्वतःच्या फडक्याने कंदिलाची काच पुन्हा काजळली, तोरण उतरवलं, रांगोळी मात्र राहू दिली आणि फोटो काढले. कुमुदताईंना म्हणाले, “माझा डाग खोटा होता. बरं झालं पुसला.”

तीनला पडदा उघडला. पहिल्या रांगेतून माझे सासरे सगळ्या हॉलला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, “क्वार्टर नंबर चौदा.” टाळ्या तिथूनच सुरू झाल्या.

उत्तर यायला दीड महिना लागला. हानआप्पांनी ते बेसमेंटमध्ये माझ्या टेबलापाशी उभं राहून उघडलं. दिग्दर्शकाने निर्मात्याचं म्हणणं एका ओळीत कळवलं होतं. फोटो बघून त्याने बजेट विचारलं नाही, वर्षंही विचारली नाहीत. एवढंच विचारलं की त्या भिंतीला कोण कोण टेकून बसायचं. खाली लिहिलं होतं, लवकर ये.

निघायच्या आधी मी त्यांच्या सामानाची यादी करून दिली. विमानतळावर त्यांनी ती मला परत दिली. उजवीकडे पेन्सिलीने चौथा रकाना होता आणि तो पूर्ण भरलेला होता. हातोडी: माझी. फोटो: वीस जणांचे. जेवणाचा लाल डबा: मिसेस लिस्टचा. जाड कोट: भावाचा, परत द्यायचा. अगदी खाली, सामानात नसलेली एक वस्तू त्यांनी आपणहून लिहिली होती: हाक. तिच्यापुढचा रकाना रिकामा होता. दोघे आप्पा एकमेकांना वाकून नमस्कार करत राहिले, कोण आधी थांबणार ते ठरेना, शेवटी मीच सासऱ्यांचा हात धरला.

तिकडून पत्रं येत, त्यांच्या भावाच्या मुलाने इंग्रजीत उतरवून दिलेली. पहिल्या पत्रात होतं की मुलगी उंच झाली आहे, आजीसारखी बोलते आणि मला ‘अबोजी’ म्हणते, म्हणजे ‘वडील’. बरोबरच आहे, मोठी झाली. मी वाट बघतोय, घाई नाही. मग बरेच महिने काही नाही. मग एक व्हिडिओ कॅसेट आणि चार ओळी: चित्रपट झाला. मुलगी सेटवर आली होती, जिन्यावरून हाक मारली. कोणती ते लिहीत नाही, तुम्हाला माहीत आहे.

मी घाईने तो जुना कागद शोधून काढला आणि रिकाम्या रकान्यात ‘मुलीची’ असं लिहिलं. हल्ली माझ्या सगळ्या याद्यांना चार रकाने असतात. आणि ‘बैठकीची भिंत रंगवणे’ हा मुद्दा मी कायमचा काढून टाकला आहे.

कॅसेट आम्ही रविवारी दुपारी लावली. सासरे व्हेंटजवळ, आपल्या जागी, डोकं टेकून. नावांमध्ये मी एकच अक्षर शोधत होते. हान हे कसं लिहितात ते त्यांनी मला शिकवलं होतं: टोपी घातलेला गोल, शेजारी दांडी, खाली एक कोपरा. मीनाने ते आधी ओळखलं. मग एक साधं घर दिसलं, कागदाची दारं, पितळी भांडी आणि मागे भिंत. भिंतीवर एक मोठा डाग आणि त्याच्या बाजूला, बराच खाली, एक लहान. मीना म्हणाली, “दॅट्स मी.” भाषा आम्हाला कळत नव्हती, पण समजायला काही अडत नव्हतं. शाळेतून एक लहान मुलगी आली, दारात बूट काढले आणि आत डोकावून हाक मारली, “अप्पा!”

सासऱ्यांचे डोळे मिटलेले होते. तसेच बसल्या जागेवरून ते म्हणाले, “आलो गं.”